मदत हवी आहे: हवेचे नमुने घेण्यासाठी कोपरखैरणे किंवा घणसोलीत गच्ची

नमस्कार. रसायनशास्त्रात नुकतीच पीएच.डी. पूर्ण करून मी हवेतील सूक्ष्म कण आणि हवामान यांच्या संबंधावर काम करते आहे. ठाणे-बेलापूर रस्त्याच्या पूर्वेला कारखाने आणि पश्चिमेला वस्ती, अशी आपल्याकडची रचना असून हिवाळ्यात रात्री वारा जमिनीकडून खाडीकडे वाहतो. म्हणूनच मला वस्तीतली गच्ची हवी आहे.

पीएम २.५ चे (म्हणजे २.५ मायक्रॉन किंवा त्याहून लहान कणांचे) दैनिक प्रमाण दर घनमीटरला ६० मायक्रोग्रॅमपर्यंत असावे, हे २००९ चे राष्ट्रीय मानक केवळ वजन सांगते. हवामानाला मात्र घटकांशी देणेघेणे असते, कारण सल्फेटचे कण सूर्यप्रकाश परतवून थंडावा आणतात, तर काजळी तो शोषून हवा तापवते. माझा पंप मिनिटाला १६.७ लिटर हवा क्वार्ट्‌झच्या पांढऱ्या चकतीतून ओढतो आणि २४ तासांनी ती चकती करडी, कधी चक्क काळपट झालेली असते. (ती पाहिली की सोसायटीतली मंडळी आपणहून प्रश्न विचारू लागतात.)

उपकरणाला टेबलाएवढी जागा आणि साधा प्लग पुरतो; विजेचा खर्च मी देईन. आवाज होतो, तो नाकारण्यात अर्थ नाही, पण पाण्याच्या टाकीमागे ठेवल्यास खाली त्रास होऊ नये.

सोसायट्यांमध्ये पदाधिकारी असलेल्या सभासदांना विचारायचे आहे की, अशा परवानगीला कार्यकारिणीचा ठराव पुरेसा असतो की सर्वसाधारण सभेची मंजुरी लागते, आणि अर्जासोबत माझ्या संशोधन संस्थेच्या पत्राखेरीज काय जोडावे? चार-पाच मजली, रस्त्यापासून थोडी आत असलेली इमारत माहीत असल्यास कृपया कळवावे.