वाटणीच्या दाव्यात तडजोड करतोय, पुरसीसवर (तडजोडीचा कोर्टात द्यायचा लेखी कागद) सही करायच्या आधी काय काय बघू?

धाकटी लेक:
नमस्कार. आमचा वाटणीचा दावा २०१६ पासून चालू आहे, सातारा जिल्हा. जमीन वडिलोपार्जित, अडीच एकर म्हणजे १०० गुंठे. वडील गेल्यावर सातबाऱ्यावर फक्त दोन्ही भावांची नावं लागली म्हणून मी दावा टाकला. मधे धाकटा भाऊ करोनात गेला, त्याची बायको आणि १४ वर्षांचा मुलगा आता दाव्यात आहेत. गेल्या महिन्यात आई दवाखान्यात होती तेव्हा दादा आणि मी इतक्या वर्षांनी एका बाकावर बसलो, तो म्हणाला बास झालं आता मिटवू, आणि मलापण खरंच मिटवायचंय, पुण्याहून तारखांना जाऊन जाऊन जीव मेटाकुटीला आलाय. ठरलंय असं की मला मागच्या बाजूचे २० गुंठे आणि गावातल्या घराची एक खोली. घर दाव्यात घातलेलं नाही. विहीर दादाच्या तुकड्यात जाते. त्याच्या वकिलांनी पुरसीस लिहून पाठवलीय, त्यात "पक्षकारांनी आपसात ठरल्याप्रमाणे हिस्से घ्यावेत" एवढंच आहे. दादावर अविश्वास नाही, पण एकदा सही केली की मागे फिरता येत नाही म्हणतात ते खरं का?

वाळव्याचा:
ताई खरं आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ नियम ३, त्याखाली कोर्ट तडजोड मान्य करून हुकूमनामा देतं, आणि नियम ३अ सांगतो की ती तडजोड बेकायदेशीर होती म्हणून नवीन दावा लावता येत नाही. फसवणूक झाली असेल तर त्याच कोर्टात जाऊन सिद्ध करावं लागतं, ते सोपं नाही. लोकअदालतीत मिटवलंत तर अपीलच नाही, पण तिथे कोर्ट फी परत मिळते हे लक्षात असू द्या. "ठरल्याप्रमाणे" या शब्दावर सही अजिबात करू नका. काय ठरलं ते कागदावर हवं, गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा, आणि सोबत हातनकाशा जोडून त्यावर सगळ्यांच्या सह्या.

बांधावरून:
आमचं सांगतो. आमच्या पुरसीसमध्ये तिघांना एक तृतीयांश असं लिहिलं, कुणाचा तुकडा कुठला ते लिहिलंच नाही, हुकूमनामा झाला, पेढे वाटले. मग कळलं की शेतजमिनीची सरसनिरस वाटणी, म्हणजे जमिनीचा कस बघून प्रत्यक्ष तुकडे पाडणं, कलेक्टरकडून करून घ्यावी लागणार, त्याच संहितेचं कलम ५४. कागद तहसीलला गेले, मोजणीची तारीख पडायची आणि त्या दिवशी कुणीतरी हरकत घ्यायचं, चार वर्षं त्यात गेली. आणि तुमचा तुकडा मागे आहे ना, मग वाट! आमच्या बहिणीच्या शेतात ऊस उभा आणि ट्रॉली आत जायला जागा नाही, शेवटी मोळ्या डोक्यावरून बांधापर्यंत आणल्या, मी स्वतः आणल्यात. वाट किती फूट, कुठल्या बांधाने, बैलगाडी आणि ट्रॅक्टर दोन्ही जाईल असं स्पष्ट लिहून घ्या. विहिरीचंही तसंच, पाण्याची पाळी आठवड्यातले कुठले दिवस, मोटार कुणाची, लाईटबिल कसं वाटायचं, गाळ काढायचा खर्च कुणी करायचा. आत्ता प्रेमात आहात तेव्हाच लिहा हो, उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं की कुणी ऐकत नाही.

निवृत्त कारकून:
दोन गोष्टी राहिल्या. पहिली भाच्याची. तो कायद्याने अज्ञान म्हणजे अठराच्या आतला आहे, त्याच्या वतीने आईने सही केली तरी पुरेसं नाही, कोर्टाची वेगळी परवानगी लागते, आदेश ३२ नियम ७. तडजोड मुलाच्या हिताची आहे असा अर्ज आणि शपथपत्र आधी द्यायचं, नाहीतर तो उद्या ही तडजोड रद्द करून मागू शकतो आणि तुमची सगळी वर्षं पाण्यात. दुसरी घराची. दाव्यात नसलेली मिळकत तडजोडीत घातली तर तेवढ्यासाठी हुकूमनामा नोंदणी करावा लागतो. त्यापेक्षा आधी दावा दुरुस्ती करून घर आत घ्या. मुद्रांकाचं वकिलांना विचारा, शेतजमिनीला नाममात्र असतं, घराचं वेगळं पडतं. हुकूमनामा हातात आला की नक्कल घेऊन लगेच तलाठ्याकडे फेरफाराला अर्ज टाका, सातबारा आपोआप बदलत नाही.

वाळव्याचा:
आणि आईंचा हिस्सा कुठाय? वडिलांमागे त्यांचाही हक्क आहे. त्या दाव्यात पक्षकार आहेत ना? सोडणार असतील तर त्यांना मसुदा वाचून दाखवा, नुसता अंगठा नको.

धाकटी लेक:
आई प्रतिवादी आहे पण पुरसीसमध्ये तिच्या नावापुढे क्षेत्रच नाही, हे मी पाहिलंच नव्हतं, वाचून पोटात गोळा आला. आत्ताच दादाला फोन केला. आधी जरा चिडला, मग म्हणाला वाटेचं तुझं बरोबर आहे. रविवारी जातेय गावी, टेप घेऊन वाट दोघं मिळून मोजणार, वहिनीला आणि भाच्यालाही बोलावलंय. वकिलांना पुढची तारीख घ्यायला सांगितलं.