मदत हवी आहे: वाटणीच्या दाव्याचा निकाल विरोधात गेला, अपील कुठे आणि किती दिवसांत?

गौरी_स | शनिवार, ४ एप्रिल, सायं. ७.४०

नमस्कार. आईने माहेरच्या जमिनीत हिस्सा मिळावा म्हणून दावा लावला होता. बरीच वर्षं चालला. आता फायनल निकाल लागलाय आणि आम्ही हरलो. वकील फोन उचलत नाहीत, त्यांचा कारकून म्हणतो घाई करू नका, नक्कल आली की बघू. मोठे मामा रस्त्याकडची जमीन विकायला निघालेत, गावात दलाल फिरतायत. अपील किती दिवसांत आणि कुठे करायचं एवढंच सांगा. तातडीचं आहे.

दख्खनी | सायं. ७.५२

सरळ हायकोर्ट. ९० दिवस असतात. मुंबईला जायचीही गरज नाही, कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय.

निवृत्त_नाझर | सायं. ८.०५

ताई, हे वाचून कोणालाच उत्तर देता येणार नाही. निकाल कोणत्या कोर्टाचा, दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर की वरिष्ठ स्तर? निकालाची तारीख काय? निकालाच्या प्रमाणित नकलेसाठी अर्ज दिलाय का, दिला असेल तर कधी? आणि 'हरलो' म्हणजे दावा पूर्ण फेटाळला की काही भाग मिळाला? निकालाचं शेवटचं पान उघडा आणि 'आदेश' या शब्दाखाली जे आहे ते जसंच्या तसं इथे टाका. नावं, गट नंबर झाका.

दख्खनी, ९० दिवस उच्च न्यायालयातल्या अपिलाला. तालुक्याच्या कोर्टाचा निकाल असेल तर पहिलं अपील जिल्हा न्यायालयात, आणि तिथे मुदत ३० दिवसांची. तुमच्या भरवशावर राहिल्या तर मुदत जाईल त्यांची.

शेतसारा | सायं. ८.२०

प्रांताकडे (महसूल उपविभागीय अधिकारी) अपील करा. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता कलम २४७, मुदत ६० दिवस. आमच्या फेरफाराच्या वेळी तहसीलदार कार्यालयाने चुकीची नोंद धरली होती, प्रांतांनी ती रद्द केली. वकिलाचीही गरज पडली नाही.

निवृत्त_नाझर | सायं. ८.२४

शेतसारा, ते महसुली आदेशांसाठी. दिवाणी न्यायालयाचा निकाल प्रांत बदलू शकत नाहीत. नवीन माणसाला वाट चुकवू नका.

गौरी_स | सायं. ८.४१

सातारा जिल्हा, तालुक्याचं कोर्ट, कनिष्ठ स्तर. निकाल १२ मार्चचा. ई-कोर्टवरून उतरवून घेतलाय, तोच आहे हातात. नकलेचा अर्ज वकिलांनी दिला असेलच ना? आदेश टाकते:

१) दावा अंशतः मंजूर करण्यात येतो.
२) कलम १अ व १ब मधील मिळकतींत वादीचा १/४ हिस्सा असल्याचे जाहीर करण्यात येते.
३) सदर मिळकतींचे सरस-निरस मानाने वाटप दिवाणी प्रक्रिया संहिता कलम ५४ अन्वये जिल्हाधिकारी यांचेमार्फत करण्यात यावे.
४) कलम १क मधील मिळकतीबाबत दावा फेटाळण्यात येतो.
५) खर्चाबाबत आदेश नाहीत.
६) त्याप्रमाणे प्राथमिक हुकूमनामा तयार करावा.

इथे 'कलम' म्हणजे दाव्यातल्या मिळकतींचे क्रमांक; १क म्हणजेच रस्त्याकडची. बाकी दोन्ही कोरडवाहू आहेत. म्हणून म्हटलं हरलो.

माणदेशी | सायं. ८.५५

वहिनी, स्पष्ट बोलतो, राग मानू नका. चौथा हिस्सा मिळालाय तो घ्या आणि थांबा. बहिणीने भावाविरुद्ध कोर्टात जायचं म्हणजे माहेर कायमचं बंद. आमच्या आत्याने हक्कसोड करून दिलं, आजही दिवाळीला तिची ओटी भरली जाते.

गौरी_स | रात्री ९.०२

माझ्या आईचं माहेर तिने दावा लावल्यावर नाही, आजी गेल्यावर लगेच बंद झालं. कृपया हा विषय इथे नको.

चैतन्य_पुणे | रात्री ९.१०

माणदेशी, ओटी आणि हिस्सा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलीला जन्मतः हक्क दिलाय. आणि सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणात सांगितलं की ९ सप्टेंबर २००५ ला वडील हयात असण्याचीही अट नाही. गौरीताई, हा निकाल अपिलात लावा, जमीन तुमचीच.

माणदेशी | रात्री ९.१८

महाराष्ट्रात १९९४ आधी लग्न झालेल्या मुलींना हक्क नाही, हे आमच्या वकिलांनी सांगितलंय.

चैतन्य_पुणे | रात्री ९.२१

ती १९९४ ची राज्याची दुरुस्ती. २००५ च्या केंद्राच्या कायद्यात लग्नाची अट नाही.

वकिली_जिल्हाकोर्ट | रात्री ९.४५

दोघेही जरा थांबा. मुलीला हक्क आहे की नाही हा या निकालात वादच उरलेला नाही. कोर्टाने तो मान्य करूनच १/४ दिलाय. १क का नाकारली ते बघायला हवं. गौरीताई, निकालाच्या सुरुवातीला मुद्दे आणि त्यापुढे निष्कर्ष असा तक्ता असतो. १क बद्दलचा मुद्दा आणि त्याची कारणमीमांसा असलेला परिच्छेद टाका.

त्याआधी दोन गोष्टी, कारण त्यांना वेळ नाही.

पहिली. हा 'फायनल निकाल' नाही, प्राथमिक हुकूमनामा (डिक्री) आहे. वाटपाच्या दाव्यात आधी हिस्से ठरतात, मग प्रत्यक्ष वाटप होतं आणि त्यानंतर अंतिम हुकूमनामा होतो. बरेच पक्षकार म्हणतात, अंतिम होऊ दे, मग एकदमच अपील करू. तसं करता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९७ सांगतं की प्राथमिक हुकूमनाम्यावर अपील केलं नाही, तर अंतिम हुकूमनाम्यावरच्या अपिलात त्याच्या बरोबर-चूकपणाबद्दल बोलता येणार नाही. म्हणजे आत्ता गप्प बसलात तर १क गेली.

दुसरी, मुदत. १२ मार्चचा दिवस सोडून ३० दिवस ११ एप्रिलला संपतात. तो दुसरा शनिवार, पुढे रविवार, म्हणून १३ तारखेला दाखल केलेलं मुदतीत धरलं जाईल. नकलेचा अर्ज दिला असेल तर नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस मुदतीत मोजत नाहीत. पण अर्ज दिला असेल तरच. 'दिला असेलच' यावर राहू नका.

गौरी_स | रात्री १०.२०

आत्ता कारकुनाशी बोलले. अर्ज दिलेलाच नाही. म्हणतो हुकूमनामाच तयार झालेला नाही, तो झाला की एकदमच अर्ज देऊ, तोपर्यंतचे दिवस धरत नाहीत. खरं का हे?

निवृत्त_नाझर | रात्री १०.३१

नाही. मुदत कायद्याच्या कलम १२ खाली स्पष्टीकरणच आहे की नकलेचा अर्ज देण्याआधी हुकूमनामा तयार करण्यात कोर्टाचा जो वेळ गेला तो वजा होत नाही. अर्ज दिल्यापासूनच वजावट सुरू. निकाल आणि हुकूमनामा दोन्हीच्या नकलांसाठी सोमवारी सकाळीच अर्ज द्या. आईच्या सहीने त्या स्वतः देऊ शकतात, वकीलच लागतो असं नाही. दावा नंबर, पक्षकारांची नावं, निकालाची तारीख लिहा. पोच घ्या. नक्कल फी सांगतील ती त्याच दिवशी भरा, फी भरायला लावलेला उशीर आपल्याच अंगावर येतो.

समजा ६ तारखेला अर्ज दिलात आणि नक्कल १६ तारखेला तयार झाली, तर ते ११ दिवस वजा होऊन मुदत २२ एप्रिलपर्यंत जाते. हुकूमनामा निकालानंतर १५ दिवसांत तयार व्हायला हवा. नाही झाला तर तो नसतानाही अपील दाखल करता येतं, आदेश २० नियम ६अ वाचायला सांगा वकिलांना.

दख्खनी | रात्री १०.४०

कनिष्ठ स्तर म्हटल्यावर जिल्हा न्यायालयच, मान्य. पण तिथे विरोधात गेलं तर दुसरं अपील कोल्हापुरातच चालेल. सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर असे सहा जिल्हे आहेत. १८ ऑगस्ट २०२५ पासून काम सुरू आहे. तारखेला मुंबईची गाडी पकडायचे दिवस गेले, आमच्यासारख्यांना याचं मोल फार आहे.

वकिली_जिल्हाकोर्ट | रात्री १०.४६

खरं आहे, पण दुसऱ्या अपिलात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असावा लागतो. पुरावा पुन्हा तपासून घ्यायची खरी जागा जिल्हा न्यायालयच. ताई, परिच्छेद टाकताय ना?

गौरी_स | रात्री १०.५८

मुद्दा ३: 'कलम १क मधील मिळकत एकत्र कुटुंबाच्या उत्पन्नातून खरेदी केली असल्याचे वादी शाबीत करतात काय?' उत्तर 'नकारार्थी'.

आत असं आहे: 'सन १९८६ चे खरेदीखत प्रतिवादी क्र. १ यांचे एकट्याचे नावे आहे. वादीने नि. ३ च्या यादीसोबत अ. क्र. ७ वर सोसायटीच्या कर्जखात्याचा उतारा दाखल केला आहे, परंतु सदर कागद शाबीत केलेला नाही. उलटतपासात वादीने खरेदीची रक्कम कोणी दिली हे पाहिले नसल्याचे कबूल केले आहे.'

तो उतारा आजोबांच्या नावावरचा आहे! खरेदीच्या महिन्यातच त्यांनी कर्ज उचललंय. मामा (प्रतिवादी क्र. १) तेव्हा कॉलेजात होते, कमाई शून्य. कागद कोर्टात असून न्यायाधीशांनी बघितला नाही म्हणजे काय?

वकिली_जिल्हाकोर्ट | रात्री ११.१५

इथेच तुमचं अपील आहे. कागद यादीसोबत दाखल करणं वेगळं आणि तो शाबीत करणं वेगळं. शाबीत करायला सोसायटीच्या सचिवाला मूळ खतावणी (खातेवही) घेऊन साक्षीला बोलवावं लागलं असतं, किंवा समोरच्याने कागद कबूल करायला हवा होता. मग त्यावर निशाणी, म्हणजे कोर्टाचा पुराव्याचा क्रमांक, पडते आणि तो पुरावा होतो. निशाणी नसलेला कागद न्यायाधीशांनी डोळ्यांनी पाहिला तरी वाचता येत नाही.

कुटुंब एकत्र होतं एवढ्यावरून मुलाच्या नावची जमीन एकत्र कुटुंबाची ठरत नाही. कुटुंबाकडे खरेदीपुरतं उत्पन्न होतं हे आधी वादीने दाखवायचं. ते दाखवलं की मग स्वतःच्या पैशातून घेतली हे सिद्ध करणं मामांवर येतं. त्यासाठी तो उतारा लागतो.

अपिलात नवा पुरावा सहज देता येत नाही. आदेश ४१ नियम २७ खाली अर्ज करावा लागतो. खालच्या कोर्टाने चुकीने नाकारलेला, योग्य ती खबरदारी घेऊनही तेव्हा देता न आलेला, किंवा निर्णयासाठी अपील न्यायालयालाच गरजेचा वाटणारा, अशाच पुराव्याला वाव आहे. कागद आधीच दप्तरी असल्याने 'माहीत नव्हतं' म्हणता येणार नाही. तिसऱ्या कारणावर जोर द्यावा लागेल. जमेल असं छातीठोक सांगत नाही, पण अर्ज अपिलासोबतच गेला पाहिजे. बाकी मामांचं वय, त्यांचं कॉलेज, उलटतपासात ते उत्पन्नाबद्दल काय बोलले, हे आधीच पुराव्यात असेल तर त्यावर भर द्या.

समेट | रात्री ११.३०

एवढं सगळं करण्यापेक्षा लोकअदालतीत बसा. आमचं प्रकरण एका बैठकीत मिटलं. तिथल्या निवाड्यावर अपील नसतं, त्यामुळे कायमची शांतता.

निवृत्त_नाझर | रात्री ११.३८

तडजोड चांगलीच. पण लोकअदालतीत दोन्ही बाजू राजी लागतात, आणि जमीन विकायला निघालेला माणूस मुदत संपेपर्यंत 'बसू, बोलू' म्हणत राहतो. अपील दाखल करून मग तडजोडीचं बोला.

गौरी_स | रात्री ११.४४

आणि विक्री? अपील केलं की ती थांबते ना?

वकिली_जिल्हाकोर्ट | रविवार, सकाळी ७.५०

आपोआप नाही. नुसत्या अपिलाने कशालाच स्थगिती मिळत नाही. १क हस्तांतरित करू नये म्हणून अपिलासोबत तूर्तातूर्त (तात्पुरत्या) मनाईचा वेगळा अर्ज द्या. अपील दाखल झालं की दुय्यम निबंधकाकडे दावा प्रलंबित असल्याची, म्हणजे लिस पेंडन्सची नोटीस नोंदवा. शोध घेणाऱ्या खरेदीदाराला ती दिसते, दलाल आपोआप मागे सरतात.

मामाही अपील करू शकतात, १अ आणि १ब मध्ये हिस्सा दिला म्हणून. त्यांना एकतर्फी स्थगिती मिळू नये यासाठी आईच्या नावाने जिल्हा न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज, टाका. ते ९० दिवस चालतं.

सुलभा_क | रविवार, सकाळी ८.३०

गौरी, वकील बदलायचे असतील आणि पैशाची अडचण असेल तर जिल्हा न्यायालयाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, फक्त आईचं ओळखपत्र आणि निकाल घेऊन जा. मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फी माफीची राज्याची १९९४ ची अधिसूचनाही आहे, ती अपिलाला लागू होते का हे तिथेच विचार. जुन्या वकिलांकडून फाइल आणि वकीलपत्रावर 'ना हरकत' मागून घे, भांडू नको. साक्षीपुराव्याचे कागद त्यांच्याकडेच आहेत.

गौरी_स | सोमवार, ६ एप्रिल, दुपारी १.१०

आई आणि मी सकाळी साडेदहालाच कोर्टात होतो. दोन्ही नकलांचे अर्ज दिले, फी भरली, पोच घेतली. कोर्टातल्या कारकुनाने नक्कल साधारण आठवड्याभरात म्हणून सांगितलंय. प्राधिकरणात उद्या जातोय. सोसायटीच्या सचिवांना फोन केला, १९८६ ची खतावणी त्यांच्याकडे अजून आहे, प्रमाणित उतारा देतो म्हणाले. सगळ्यांचे आभार. नक्कल आणायला आईनेच जायला हवं का?

निवृत्त_नाझर | सोमवार, दुपारी १.२५

पोच घेऊन तुम्ही गेलात तरी चालेल. रोज चौकशी करा, कारण वजावट नक्कल तयार झाल्याच्या तारखेपर्यंतच मिळते, तुम्ही आणायला गेलात त्या तारखेपर्यंत नाही. नकलेच्या मागच्या बाजूला शिक्का असतो: अर्जाची तारीख, तयार झाल्याची तारीख, दिल्याची तारीख. तीनही भरलेल्या आहेत का ते खिडकीवरच बघा, कोरी जागा असेल तर तिथेच भरून घ्या. प्रमाणित नक्कल अपिलासोबत लावायला वकिलांकडे द्या, झेरॉक्स घरी ठेवा.