नानकिंगच्या तहात अफू विकायची की नाही, ते कुठेय?

रामबागकर, इंदूर
लेकीला अकरावीत चीन आहे. काल नानकिंगचा तह, म्हणजे पहिल्या अफूयुद्धानंतर चीनने इंग्रजांशी केलेला, समजावत होतो: २९ ऑगस्ट १८४२, हाँगकाँग गेलं, पाच बंदरं उघडली, २ कोटी १० लाख डॉलर चांदी. तिने मधेच विचारलं, "बाबा, भांडण अफूवरून ना? मग अफूचं काय ठरलं?" कलमं पुन्हा वाचली. जप्त मालाचे ६० लाख डॉलर द्यायचे, एवढंच. पोहे गार झाले. कोणी सांगेल?

सियागंजचा भाचा
काका, इंग्रजांच्या बाजूने बोलणाऱ्या पॉटिंजरने बोलणीत विषय काढला होता, पण बंदी उठवायला चिनी बाजू तयार होईना. इंग्रजांनीही ताणलं नाही. कशाला ताणतील? भरपाई खिशात, चोरटा माल चालूच. पुढे दुसऱ्या युद्धात, १८५८ साली, अफू जकातीच्या दरपत्रकातून आत शिरली: पिकुलला, म्हणजे साधारण ६० किलोला, ३० तैल (चिनी वजन) चांदी.

आणि भिया, माल कुठला? निम्मी गोष्ट आपल्याकडची आहे. माळव्याची अफू होळकर-शिंद्यांच्या मुलखात पिकायची, कंपनी पिकवत नव्हती. ती फक्त मुंबईला जाणाऱ्या पेटीवर पासाचे पैसे घ्यायची. आधी १२५ रुपये. १८४३ त सिंध घेतलं, कराचीची आडवाट बंद झाली, आणि १८४७ पर्यंत पास ४०० वर गेला. पेट्या तोलायचा सरकारी काटा इथे इंदुरातही होता.

गोदीवाला
एक भर. तहावर सह्या झाल्या त्या 'कॉर्नवॉलिस' जहाजाचं लाकूड सागाचं. मुंबईत वाडियांनी १८१३ साली बांधलेलं.

रामबागकर, इंदूर
हे मला ठाऊकच नव्हतं! सगळं वाचून दाखवलं. ती म्हणाली, मग आपला मंदसोरचा तह? महिदपूरला होळकर इंग्रजांकडून हरले २१ डिसेंबर १८१७, तह ६ जानेवारी १८१८, सोळा दिवसांत. गादीवर मल्हारराव, वय अकरा-बारा. खानदेश गेला, राजपुतान्यावरचे हक्क गेले, इंदुरात इंग्रजांचा प्रतिनिधी, रेसिडेंट, बसला आणि रेसिडेन्सीच्या हद्दीत होळकरांचा कायदा चालेना. चीनमध्ये इंग्रजांचा गुन्हेगार इंग्रज वकीलच (कॉन्सल) तपासणार, हे १८४३ साली ठरलं; आमच्याकडे तसलंच काहीतरी पंचवीस वर्षं आधीपासून.

"मग नानकिंगसारखं मंदसोरच्या तहालाही 'असमान तह' का नाही म्हणत?" मी म्हटलं, आधी ३० तैल पाठ कर, सोमवारी पेपर आहे.

सियागंजचा भाचा
काका, उत्तर टाळलंत.