आप्पांची पेन्शन आईला मिळेल ना?

आप्पा १९८४ साली टेलिकॉम खात्यात लाईनमन म्हणून लागले, कोरेगाव-रहिमतपूर पट्ट्यात. १ ऑक्टोबर २००० ला बीएसएनएल झालं, ते तिकडे कायम झाले. मागच्या महिन्यात गेले. भावकीतलं कुणी म्हणालं, कंपनीची पेन्शन बायकोला नसते. आई पीपीओ (पेन्शनचा आदेश) उशाशी घेऊन झोपते, धड जेवत नाही.

– ताई, आधी आईंना जेवू घाला. ही पेन्शन केंद्र सरकारची आहे. केंद्राच्या पेन्शन नियमांतल्या जुन्या ३७-ए (२०२१ च्या नियमांत ३७) प्रमाणे दोन्हीकडची नोकरी एकत्र धरतात, फॅमिली पेन्शनसुद्धा त्यातच. मीही साताऱ्यातूनच रिटायर झालो.

– थेट बीएसएनएलने भरती केलेल्यांना हे लागू नाही, गोंधळ तिथूनच होतो. पीपीओ आणि आधारवरचं नाव जुळवा. माझ्या वहिनीचे एका वेलांटीपायी चार महिने गेले.

– जुळतंय! सोमवारी मृत्यूचा दाखला घेऊन जाते. आईला वाचून दाखवलं, आत्ता भाकरी खातेय.