योस्ता एकमन: सिकानने मोठा केला की अडकवला?

रंगपट:
स्वीडिश नट योस्ता एकमन (१९३९–२०१७) म्हटलं की पहिल्यांदा आठवतो तो 'यॉन्सन टोळी' या विनोदी चोरपटांतला म्होरक्या सिकान. माझ्या मते १९८१ ते १९८९ मधले ते पाच चित्रपट म्हणजे या नटाची उधळपट्टी. मूळ माल डेन्मार्कच्या 'ओल्सेन टोळी' चित्रपटांचा. साचा ठरलेला: तुरुंगातून सुटका, नवी योजना, फ्रान्स येगर कंपनीची तिजोरी, शेवटी फजिती. त्याआधीचा एकमन बघा! १९७८ च्या पिकासोवरच्या चित्रपटात अनेक भाषांचे तुटके शब्द आहेत, त्यामुळे भार सगळा शरीरावर. १९८० च्या 'पापहामार' मालिकेतही तेच.

तालमास्तर:
साफ असहमत. सिकान हसवतो तो स्वतः न हसता, आणि हे सगळ्यांत अवघड. तो योजना घड्याळ लावून सांगतो, त्यामुळे पुढची प्रत्येक पायरी प्रेक्षकाला आधीच पाठ असते. मग टोळीतला स्फोटकांवाला डायनामिट-हॅरी दारू पिऊन एक पायरी चुकवतो आणि सगळं कोसळतं. म्होरक्याही विदूषकी करू लागला, तर कोसळायला काही उरतच नाही. १९९२ च्या यॉन्सन चित्रपटात एकमन नव्हता. पेटर हाबेर नव्या म्होरक्याच्या भूमिकेत आला, पण सिकानच्या गंभीरपणाची ती सरळ रेघ परत आली नाही.

रंगपट:
रेघ मान्य. पण तीच रेघ पाचदा ओढल्यावर नट कसा वाढणार?

उत्तरध्रुव:
वाढला ना, १९९३-९४ मध्ये! पोलीस तपासनीस मार्टिन बेकच्या सहा चित्रपटांत. कादंबऱ्यांतला बेक पोटाच्या तक्रारींचा, सर्दीने बेजार, कमी बोलणारा. समोर रॉल्फ लासगोर्डचा धिप्पाड, आरडाओरडा करणारा सहकारी गुनवाल्ड लार्सन. अशा वेळी बेक हलला की दृश्य गेलं. एकमन हलत नाही. हा संयम सिकानकडूनच आला, असं मी ठामपणे म्हणेन. १९७६ च्या चित्रपटातही दिग्दर्शक बू वीदरबेर्यने बेक दिला तो कार्ल-गुस्ताफ लिंडस्टेटला, म्हणजे विनोदी नटालाच.

तालमास्तर:
लिंडस्टेटचा दाखला अगदी चपखल.

रंगपट:
मग तिथेच माझा मुद्दा सिद्ध होतो. एकमनचा बेक दोन वर्षांत संपला. १९९७ पासून तीच भूमिका हाबेरने घेतली आणि वर्षानुवर्षं टिकवली. हाबेरही विनोदातलाच: १९९१ च्या नाताळ मालिकेतला 'सुने' नावाच्या मुलाचा बाबा. पण तो बाबा घरात, ऑफिसात कुठेही सापडणारा त्रासलेला माणूस; तिथून बेकपर्यंत दोन पावलं. सिकान मात्र मुखवटा आहे. एकमन गंभीर चेहऱ्याने खोलीत शिरला की प्रेक्षक योजनेची वाट बघत बसतो.

उत्तरध्रुव:
प्रेक्षकाच्या सवयीचा दोष नटावर कशाला? बेकचे प्रसंग आवाज बंद करून बघा. खांदे, मान, थांबणं, एवढ्यावर थकवा कळतो. सिकानची ताठ मान तिथे कुठेच दिसत नाही.