वारस दाखला, वारस प्रमाणपत्र आणि उत्तराधिकार प्रमाणपत्र : नेमका कोणता शब्द?

नौपाडाकर : आत्याच्या निधनानंतर तिच्या ठाण्यातील सदनिकेसाठी गृहनिर्माण संस्थेने 'वारस दाखला' मागितला आहे, तर तिच्या मुदत ठेवींसाठी बँकेने 'उत्तराधिकार प्रमाणपत्र' मागितले आहे. शब्द दोन असले तरी कागद एकच, असे आतेभावाचे म्हणणे आहे आणि ते मला पटत नाही. शिवाय न्यायालयाकडून मिळणाऱ्या कागदाला 'दाखला' म्हणणे योग्य आहे का? दोन्ही अर्ज मराठीत लिहायचे असल्याने विचारतो आहे.

खारघरवासी : कागद दोन आहेत. उत्तराधिकार प्रमाणपत्र १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार अधिनियमाखाली मिळते आणि ते मयताची येणी व रोखे, म्हणजे बँकेतील ठेवी, शेअर, उसनी दिलेली रक्कम, एवढ्यापुरतेच असते. सदनिकेला किंवा जमिनीला ते चालत नाही. संस्था ज्याला 'वारस दाखला' म्हणते ते वारस प्रमाणपत्र १८२७ च्या मुंबई रेग्युलेशन ८ खाली दिवाणी न्यायालय देते. 'दाखला' हा शब्द मी जन्माच्या किंवा शाळा सोडल्याच्या कागदापुरता ठेवीन, कारण तो वहीतील नोंद पाहून दिला जातो. इथे मात्र जाहीर नोटीस काढून 'कोणास हरकत असल्यास' असे विचारावे लागते आणि मगच आदेश होतो.

बेलापूरकर : 'दाखला' आणि 'प्रमाणपत्र' हा भेद वकिली आहे, लोकांच्या बोलण्यातला नाही. नवी मुंबईसाठी ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांना भूखंड देणाऱ्या सिडकोच्या साडेबारा टक्के योजनेतील भूखंडांच्या निमित्ताने आमच्या गावांतील कितीतरी कुटुंबांचा या कागदाशी संबंध आला, आणि सगळे त्याला 'कोर्टाचा वारस दाखला' असेच म्हणतात. तलाठ्याकडे होते ती 'वारस नोंद'. कोणाचाही गोंधळ झालेला मी पाहिला नाही.

पाचपाखाडीकर : 'वारस' आणि 'दाखला' हे दोन्ही शब्द अरबीतून आलेले आहेत. शिवकाळात राज्यव्यवहारकोश रचून कारभारातील यावनी शब्दांना संस्कृत पर्याय देणाऱ्या परंपरेचे आपण लोक आहोत. 'दायाद' हा नेमका शब्द हाताशी असताना तो शासकीय कागदांतून हद्दपार व्हावा, याचे मला मनापासून वाईट वाटते.

बेलापूरकर : मग 'बेवारस' आणि 'मिरासदार' यांचे काय करणार? 'मिरास', म्हणजे वंशपरंपरागत हक्क, हाही 'वारस'च्याच अरबी धातूचा शब्द आहे. आणि 'दायाद' म्हटले की हिस्सा मागणारा भाऊबंद डोळ्यांपुढे येतो. १९५६ च्या कायद्याने मुलगी, विधवा आणि आई यांना मुलाच्या बरोबरीने पहिल्या वर्गात बसवले, त्यांना हा शब्द सामावून घेत नाही. त्या कायद्याचे शासकीय नाव 'हिंदू उत्तराधिकार अधिनियम' असले, तरी मराठी माणूस त्याला 'हिंदू वारसा कायदा' म्हणतो, यातच उत्तर आहे.

कळवेकर : मुलींचा विषय निघाला म्हणून लिहिते. मला 'वारस' या शब्दापेक्षा त्याच्या पुढचे 'लावणे' हे क्रियापद जास्त खुपते. आजोबांच्या पश्चात जमिनीला वारस लागले, तेव्हा घरात आईला 'तुझेही नाव लागले' असे सांगण्यात आले. मामांची नावे वर मुख्य रकान्यात आणि आई व मावशी यांची नावे 'इतर हक्क' या रकान्यात, विहिरीच्या नोंदीच्या खाली, असा तो सातबारा उतारा आहे. नाव लागले, पण कुठे लागले, हे त्या क्रियापदातून कळत नाही.

खारघरवासी : ताई, फेरफाराची, म्हणजे उताऱ्यावरील नावे बदलण्याची, नोंद महसुलासाठी असते, तिने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही. आईंचा वारसाहक्क त्या रकान्यामुळे बुडालेला नाही. दुरुस्तीच्या अर्जात मात्र 'नाव लावावे' एवढेच लिहू नये, 'इतर हक्कातील नाव कमी करून कब्जेदार सदरी (म्हणजे त्या मुख्य रकान्यात) दाखल करावे' असे स्पष्ट लिहावे.

नौपाडाकर : वारस नोंद, वारस प्रमाणपत्र आणि उत्तराधिकार प्रमाणपत्र हे तीन वेगळे, एवढे समजले. माझ्या मसुद्यात आतेभावाने 'वारसदार' लिहिले आहे. 'वारस' म्हणजेच हक्क असलेली व्यक्ती, मग पुढे 'दार' कशाला?

पाचपाखाडीकर : द्विरुक्तीच ती. काढून टाका.

बेलापूरकर : वारसा ज्याच्याकडे आहे तो वारसदार, जशी जमीन असलेला जमीनदार. शब्द रुळलेला आहे, राहू द्या.

कळवेकर : खारघरवासी, तुम्ही 'कब्जेदार' लिहिलेत, पण माझ्यासमोरच्या उताऱ्यावर 'भोगवटादार' असे छापलेले आहे. अर्जात यांपैकी कोणता शब्द लिहू?