विषय: घुमानचा फलक – बादल यांच्या नावाआधी ‘पद्मविभूषण’ ठेवायचे की नाही?

प्रेषक: शुभा (प्रदर्शन समिती)

सर्वांना सप्रेम नमस्कार.

फलक गुरुवारी सकाळी छपाईला द्यायचे आहेत आणि सातव्या फलकावरून काम अडले आहे. एप्रिल २०१५ मध्ये पंजाबातील घुमानला झालेल्या ८८व्या साहित्य संमेलनाच्या उद्घाटनाचे छायाचित्र त्यावर आहे आणि अण्णांनी दिलेली ओळ अशी आहे: ‘पद्मविभूषण सरदार प्रकाशसिंग बादल, मुख्यमंत्री, पंजाब’. गुरुद्वाऱ्याच्या ज्या मंडळींबरोबर आपण हा कार्यक्रम करत आहोत, त्यांनी मसुदा पाहून ‘हा किताब इथे का?’ एवढेच विचारले. उद्या रात्रीपर्यंत निर्णय हवा.

—

प्रेषक: अण्णा

शुभाताई,

फलकांचा मजकूर आजवर मीच पाहत आलो आहे, तेव्हा ती ओळ विचार करूनच लिहिली आहे, हे आधी नोंदवतो. त्यांना हा सन्मान जाहीर झाला तो जानेवारी २०१५ मध्ये, म्हणजे संमेलनाच्या अवघे काही आठवडे आधी. छायाचित्र ज्या दिवसाचे आहे, त्या दिवशीची वस्तुस्थिती लिहिण्यात काय गैर आहे? शिवाय माणूसही काही लहानसहान नव्हे. १९४७ मध्ये गावचा सरपंच, १९५७ मध्ये आमदार, १९७० मध्ये वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी मुख्यमंत्री, आणि २०१७ मध्ये पाचव्यांदा ते पद सोडले तेव्हा वय एकोणनव्वद. संत नामदेवांचे वास्तव्य लाभलेल्या गावी मराठी साहित्यिकांचे आतिथ्य करणाऱ्या राज्याच्या प्रमुखाचा उल्लेख आपण कंजूषपणे करावा, हे मला पटत नाही.

—

प्रेषक: मुकुंद

अण्णा, आदर राखून असहमत आहे.

बादल यांनी हा सन्मान ३ डिसेंबर २०२० रोजी राष्ट्रपतींना पत्र लिहून परत केला. दिल्लीच्या सीमेवर शेतकरी थंडीत बसले होते आणि केंद्राच्या ज्या कृषी कायद्यांविरुद्ध ते बसले होते, त्यांच्याच निषेधार्थ हा निर्णय होता. जी गोष्ट माणसाने स्वतःहून उतरवून ठेवली, ती त्याच्या निधनानंतर आपण पुन्हा त्याच्या अंगावर चढवणे मला अनुचित वाटते. आता यात एक गोम आहे, आणि तीही सांगितली पाहिजे: त्या कायद्यांचे अध्यादेश निघाले तेव्हा बादल यांचा पक्ष अकाली दल भाजपच्या आघाडीतून केंद्रातील सत्तेत होता आणि सुरुवातीला पक्षाने त्यांची पाठराखणच केली होती. गावागावांतून विरोध वाढल्यावर सप्टेंबरमध्ये त्यांच्या सूनबाई हरसिमरत कौर बादल यांनी केंद्रातील मंत्रिपद सोडले आणि त्याच महिन्यात पक्ष आघाडीतून बाहेर पडला. त्यामुळे सन्मान परत करण्याला त्याग म्हणायचे की हिशेब, यावर मतभेद असू शकतात. पण तो परत केला, यावर नाहीत.

—

प्रेषक: मीनावहिनी

माझे माहेर नांदेडचे असल्याने थोडे अधिकाराने लिहिते. गुरुद्वाऱ्याच्या मंडळींना केवळ पद्मविभूषण खटकले असेल, असे मला वाटत नाही. अकाल तख्ताने, म्हणजे शिखांच्या सर्वोच्च धर्मपीठाने, २०११ मध्ये बादल यांना ‘फख्र-ए-कौम’ (समाजाचा अभिमान) हा किताब दिला होता आणि डिसेंबर २०२४ मध्ये, म्हणजे त्यांच्या निधनाला दीड वर्षाहून अधिक काळ लोटल्यावर, तो काढून घेतला. २०१५ मध्ये बरगाडीला गुरू ग्रंथ साहिबची विटंबना झाली, त्यानंतर बेहबल कलांला निदर्शकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि माणसे मेली. त्या वेळी मुख्यमंत्री बादलच होते. आमच्या नांदेडच्या घराशेजारचे शीख काका बादल यांचे नाव आणीबाणीतील मोर्चामुळे अत्यंत आदराने घेत असत. त्याच घरातील पुढची पिढी आता बरगाडीचा विषय निघाला की गप्प होते. अशा माणसाच्या नावाआधी कोणताही किताब लावला, तरी आपण त्या वादात एक बाजू घेतली, असाच अर्थ निघेल.

—

प्रेषक: नंदू

वहिनींनी आणीबाणीचा उल्लेख केला म्हणून लिहितो. अकाली दलाने ९ जुलै १९७५ पासून अमृतसरहून मोर्चा सुरू केला, तुकड्यातुकड्यांनी लोक अटक करवून घेत राहिले आणि आणीबाणी संपेपर्यंत हे थांबले नाही. माझे वडील त्या काळात येरवड्यात होते. बाहेर कोणी लढत आहे का, असे तिथे विचारले की पंजाबचे नाव निघत असे, असे ते सांगत. स्वतः बादलही तुरुंगात होते. १९७७ मध्ये फरीदकोटहून लोकसभेवर निवडून येऊन ते काही आठवडे केंद्रात कृषिमंत्री झाले आणि लगेच पंजाबात परतले. दिल्लीतील मंत्रिपदापेक्षा चंदिगड पसंत करणारा हा प्रादेशिक नेता होता, हे फलकावर किताबापेक्षा अधिक शोभेल.

—

प्रेषक: अण्णा

नंदू, फलकावर दोन ओळींची जागा आहे. चरित्र छापायचे नाही.

—

प्रेषक: शुभा (प्रदर्शन समिती)

सर्वांचे आभार. आणखी एक बाब माझ्या लक्षात आली आहे: पद्म पुरस्कार हे किताब नव्हेत आणि ते नावाच्या आधी किंवा नंतर लावता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्येच स्पष्ट केले आहे. म्हणजे २०२० चा प्रश्न बाजूला ठेवला, तरी अण्णांची ओळ नियमात बसत नाही. (हाच न्याय लावला, तर पहिल्या फलकावरील आपल्या दोन गायकांची नावेही सुधारावी लागतील. ते मी केले आहे.) फलकावर पुढील ओळ जाईल: ‘घुमान, एप्रिल २०१५: संमेलनाच्या उद्घाटनप्रसंगी पंजाबचे तत्कालीन मुख्यमंत्री प्रकाशसिंग बादल (१९२७–२०२३)’.

—

प्रेषक: मुकुंद

अनुमोदन. २०२२ मध्ये चौऱ्याण्णवाव्या वर्षी लंबीतून पुन्हा उभे राहून ते हरले, हेही कुठे तरी यायला हवे होते; १९९७ पासून सलग पाच वेळा त्याच मतदारसंघाने त्यांना निवडून दिले होते.

—

प्रेषक: अण्णा

‘सरदार’ का काढले, ते कळले नाही. ते ठेवावे, बाकी मजकुरास माझी हरकत नाही.

—

प्रेषक: शुभा (प्रदर्शन समिती)

ठेवले.